हासमोडी कोणाला होते?

वाचकाचं पत्र, थोडं आटोपशीर करून:

"मावशी, नमस्कार. मी वरोरा तालुक्यातल्या एका खेड्यात राहते, बी.ए.ला आहे. मी एक लांबलचक गोष्ट लिहून राहिली आणि रोज जेवणं झाली की अंगणात गल्लीतल्या पोरांना वाचून दाखवते. गोष्टीतल्या देशाचं नाव सातधुरा. तिथे ढग म्हणजे गुरं. गुराखी त्यांना हाकत नेतात आणि ज्याच्या वावरात पाणी पाहिजे तिथे बसवतात. या देशात हासमोडी नावाचा रोग येतो. आधी उचकीसारखं हसू येतं. मग तीन दिवस त्या माणसाच्या तोंडून गमतीमागून गमती निघतात आणि सगळं गाव त्याच्याभोवती जमतं. चौथ्या दिवशी तो गळून पडतो. हात उचलत नाही, जबडा लोंबतो, सात दिवस झोपतो. उठतो तेव्हा त्याचं हसू गेलेलं असतं. राजा हसण्यावर बंदी घालतो, त्यानं रोग थोडा कमी होतो, आणि झिंगरी नावाची सोंगं काढणारी पोरगी औषध शोधायला निघते. इथून पुढे माझं अडलं. काका म्हणतात, 'हे काई खरं नाई वाटून राहिलं बाप्पा.' शेवट कसा करू? पोटभर हसलं की रोग बरा होतो, असं दाखवू का?

दुसरं म्हणजे, शेजारच्या अकरा वर्षांच्या पोराला सिकल (सिकलसेल हा रक्ताचा आजार) आहे. तो रोज गोष्टीला येतो. परवा त्यानं विचारलं, 'ताई, मले बी हासमोडीच झाली का वं?' मला काही बोलता आलं नाही. गोष्ट बंद करू का?

हा रोग मला आईवरून सुचला. ती कापूस वेचायला जाते. दिवसभर बायकांना हसवते, तिच्या शेजारची ओळ धरायला बायका भांडतात. घरी आली की बसते ती बसूनच राहते. परवा पोळ्या लाटता लाटता भिंतीला टेकली आणि तशीच झोपली. मामा म्हणतात जाणत्याकडे, अंगारा देणाऱ्याकडे नेऊ. हे आपलं सहज लिहिलं."

बेटा,

काकांची शंका आणि झिंगरीचं औषध, दोन्ही बघू. आधी आई.

तिच्यावर तू चार ओळी लिहिल्यास आणि "सहज" म्हणून सोडून दिल्यास. पण पूर्ण पत्रात मला सगळ्यात जास्त काळजी त्याच ओळींची वाटली. कण्हणाऱ्या माणसाला घरातलं कोणी ना कोणी विचारतं, बरं वाटून नाही राहिलं का म्हणून. हसतमुख बाईला कोणी विचारत नाही. तुझी आई दिवसभर बोलते, बायकांची टिंगल करते, ओळीची ओळ हसत ठेवते, म्हणून ती ठणठणीत आहे असं सगळ्यांनी धरून घेतलं. हातात लाटणं असताना झोप लागणं हे ठणठणीत माणसाचं लक्षण नाही.

याच आठवड्यात तिला प्राथमिक आरोग्य केंद्रात ने. गावच्या आशाताईला आधी सांगून ठेव, जमलं तर तिलाच सोबत घे. आई म्हणेल, मजुरी बुडते. म्हणून बाजाराच्या दिवशी किंवा वेचणीला खाडा असेल त्या दिवशी सकाळीच जा. तिथे हिमोग्लोबिन तपासायला सांगायचं. बाईचं हिमोग्लोबिन १२च्या खाली गेलं की रक्त कमी समजतात. ८च्याही खाली गेलं तर दुखणं गंभीर आहे, त्यात उशीर चालत नाही. २०१९-२१च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात आपल्या देशातल्या १५ ते ४९ वयाच्या दर १०० बायकांमागे ५७ जणींचं रक्त कमी निघालं होतं. तुझ्या आईच्या गमतींवर हसणाऱ्या त्या ओळीतही अशा कितीतरी असतील. म्हणून एकटीलाच नेण्यापेक्षा दोघी-चौघींना मिळून ने. एकटीला दवाखान्यात जायची लाज वाटते, चौघींना वाटत नाही.

जायच्या आधी घरी थोडं बघून घे. खालची पापणी हलकेच ओढली की आतला रंग लालसर दिसतो की पांढरट? नखं फिकी आहेत का? कापसाचं गाठोडं डोक्यावर घेऊन धुरा, म्हणजे वावराचा बांध, चढताना दम लागतो का, छाती धडधडते का? पाळीत रक्त जास्त जातं का? आणि हे एकांतात विचार: माती, खडू, कच्चे तांदूळ खावेसे वाटतात का? रक्त कमी झालेल्या बायकांना असं खाण्याची ओढ लागते आणि त्या ते लपवतात. ती "हो" म्हणाली तर हसू नको आणि रागावूही नको, डॉक्टरांना तेवढं सांग. ती ज्या वावरात वेचते तिथे एवढ्यात फवारणी झाली असेल तर तेही सांग. हिमोग्लोबिन बरोबर निघालं तर थायरॉईड आणि साखर तपासून घ्या. थकव्याला एकच कारण नसतं.

एक गोष्ट मात्र करू नको. कुणी सांगितलं म्हणून मेडिकलमधून लोहाच्या गोळ्या आणून सुरू करू नको. आपल्या भागात सिकलसेल आहे. तो आजार असलेल्या माणसाचं रक्त वेगळ्या कारणानं कमी होतं, त्याला लोह द्यायचं की नाही हे तपासणीवरून डॉक्टर ठरवतात. तिची सिकलची तपासणी झालेली नसेल तर तीही त्याच वेळी होऊन जाऊ दे, ती आयुष्यात एकदाच करावी लागते. मग डॉक्टरांनी गोळी दिली, तर ती चहासोबत घ्यायची नाही. चहानं लोह अंगाला कमी लागतं, लिंबू पिळलेल्या पाण्यासोबत जास्त लागतं. गोळीनं शौच काळी होते, ते बघून घाबरून सोडायची नाही. आणि आठ दिवसांत बरं वाटलं तरी डॉक्टर सांगतील तितके महिने घ्यायचीच. बहुतेक बायका नेमकं इथेच सोडतात.

मामांशी भांडू नको. बहिणीची काळजी वाटते म्हणूनच ते बोलतात. त्यांना म्हण, "मामा, पह्यले रक्ताचा कागद पाहू, तुम्हीच चला सोबत." अंगाऱ्यानं हिमोग्लोबिन वाढत नाही आणि मधले महिने हातचे जातात. मामा सोबत आले तर गावात कोणी काही बोलणारही नाही.

आता सातधुरा.

काकांना रोग खोटा का वाटला असेल? ढगांची गुरं त्यांनी कुरकुर न करता मान्य केली, मग हासमोडीवरच का अडले? ढगांचा हिशेब तू दिला आहेस: चारावे लागतात, हाकावे लागतात, आणि एकाच्या वावरात बसवले की दुसऱ्याचं वावर कोरडं राहतं. हासमोडीची लक्षणं छान लिहिलीस, पण तिचा हिशेब लिहिला नाहीस. गाव तीन दिवस हसतं, ते कोणाच्या जिवावर? त्या माणसाची ताकद जाते कुठे? कल्पनेतल्या रोगालाही नियम लागतो. तो ऐकणाऱ्याला मोठ्यानं सांगायची गरज नाही, पण लिहिणारीला तो पक्का माहीत पाहिजे.

तुझा नियम तुझ्याच अंगणात पडलेला आहे. आईवरून रोग सुचला म्हणतेस, तर आईकडे नीट बघ. दमते कोण? तिच्या शेजारची ओळ धरायला भांडणाऱ्या बायका दमतात का? त्या दमत असतील कामानं, हसण्यानं त्यांचं काम थोडं हलकंच होतं. हासमोडी हसणाऱ्याला होत नाही, हसवणाऱ्याला होते. आणि हसवणाऱ्यातही ज्याला उलटून कोणी हसवत नाही त्यालाच होते. एवढा एक नियम धरलास तर पुढच्या सगळ्या प्रकरणांना बुड येईल.

हे हवेतलं वाटू नये म्हणून खऱ्या जगातल्या दोन गोष्टी सांगते. त्या गोष्टीत जशाच्या तशा टाकू नको, त्यांच्यातून नियम काढ.

हसण्यानं अंगातली ताकद जाणं खरंच घडतं. निरोगी माणूस पोट धरून हसतो तेव्हाही पायाच्या स्नायूंची एक आपोआप होणारी क्रिया तेवढ्यापुरती मंदावते, हे मोजून पाहिलेलं आहे. पण नार्कोलेप्सी नावाचा झोपेचा एक विकार आहे, आणि तो असलेल्या बऱ्याच जणांना हसू फुटलं की गुडघे वाकतात, मान खाली जाते, जबडा सैल पडतो, माणूस खाली कोसळतो. याला कॅटाप्लेक्सी म्हणतात. मेंदूत जागं ठेवणारं एक रसायन असतं, ओरेक्सिन. ते १९९८ साली सापडलं, आणि या लोकांमध्ये ते तयार करणाऱ्या पेशीच नाहीशा झालेल्या असतात असं पुढे कळलं. तुझं लोंबणाऱ्या जबड्याचं वर्णन वाचून मी थक्क झाले, इतकं ते जवळ गेलं आहे. (हे वाचणाऱ्या कोणाच्या घरी हसता हसता असा कोसळणारा माणूस असेल, तर त्याला मिरगी म्हणून किंवा नाटक म्हणून सोडून देऊ नका. सेवाग्राम किंवा नागपूरच्या मोठ्या दवाखान्यात मेंदूविकाराच्या डॉक्टरला दाखवा. यावर औषधं आहेत.)

त्यातली तुझ्या कामाची गोष्ट पुढेच आहे. कॅटाप्लेक्सीत पडलेल्या माणसाची शुद्ध जात नाही. बोट हलवता येत नाही, पण ऐकू सगळं येतं. तुझा रोगी सात दिवस झोपतो असं तू लिहिलंस. त्याला झोपवू नको. त्याला पडू दे आणि ऐकू दे. भोवती जमलेलं गाव काय बोलतं? "पडला वाटते हा. आता दुसरा कोण आहे गमत्या?" हे वाक्य त्यानं डोळे मिटून ऐकावं. मग तो उठतो तेव्हा त्याचं हसू का गेलेलं असतं, ते तुला वेगळं समजावून सांगावं लागणार नाही. तुझ्या अंगणातली पोरंही गप्प होतील, काकाही होतील.

दुसरी गोष्ट आफ्रिकेतल्या टांगानिकाची, म्हणजे आजच्या टांझानियाची. ३० जानेवारी १९६२ला तिथल्या काशाशा गावात मुलींच्या निवासी शाळेत तीन मुलींना हसू सुरू झालं आणि थांबेना. शाळेत १५९ मुली होत्या, त्यातल्या ९५ जणींना ते लागलं. कोणाला काही तास, कोणाला थेट सोळा दिवस. मार्चमध्ये शाळा बंद करावी लागली. मुली घरी गेल्या तसं ते गावांमध्येही पसरलं. तपासण्या झाल्या, ना जंतू सापडला ना विष. आणि त्या हसण्यात आनंद नव्हता. मध्येच रडणं, घाबरणं, पळत सुटणं असं सगळं होतं. ज्यांनी अभ्यास केला त्यांनी मनावरच्या ताणाकडे बोट दाखवलं. देश नुकताच स्वतंत्र झालेला, घरच्यांच्या अपेक्षा वाढलेल्या, शाळेची शिस्त कडक, आणि तक्रार करायला जागा नाही.

म्हणून राजाच्या बंदीचं प्रकरण तू पुन्हा लिही, असं मला वाटतं. सध्या बंदी आली की रोग थोडा कमी होतो असं तू दाखवलं आहेस. उलट व्हायला पाहिजे. जिथे तोंड दाबलं जातं तिथे हासमोडी जास्त पसरावी. जो गुराखी ढग हाकताना मुकादमाची नक्कल करून मोकळा व्हायचा, त्याला आता ती नक्कल गिळावी लागते, आणि आठव्या दिवशी त्यालाच उचकी लागते. राजा दुष्ट दाखवायची गरज नाही. त्याला खरंच वाटतं की आपण प्रजेला वाचवतोय. चुकीचं औषध देणारा भला राजा पोरांना जास्त काळ आठवतो.

आता शेवटाचं. पोटभर हसलं की रोग बरा, असं करू नको, बेटा. ऐकायला गोड आहे, म्हणूनच ते आधी सुचतं. पण त्याचा अर्थ काय निघतो ते बघ: बरा न झालेला माणूस पुरेसा हसला नाही. म्हणजे दोष रोग्याचा. भिंतीला टेकून झोपलेल्या तुझ्या आईला जाऊन "अजून हस, बरं वाटेल" असं तू सांगशील का?

आणखी एक सोपा शेवट तुझ्या हाताशी येईल, त्यापासूनही जप. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, पहाटे आपल्याकडची पोरं दारावरचे पळसाचे मेढे, म्हणजे फांद्या, काढून ओरडत शिवेकडे पळतात, "इडा, पिडा, रोगराई घेऊन जाय गे मारबत!" नागपुरात १८८०च्या दशकापासून काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे रोगराईचा मोठा पुतळा, निघते, तिच्यामागे हीच आरोळी असते. तू लहानपणी ओरडली असशील, त्यातली मजा मला माहीत आहे. झिंगरीलाही हेच सुचावं. तिनं हासमोडीची मोठी मारबत करावी, सगळ्या सातधुऱ्यानं ती वाजतगाजत नेऊन शेवटच्या धुऱ्यापलीकडे टाकावी. पण धुऱ्यापलीकडे कोण राहतं? हा प्रश्न एखाद्या लहान पोरानं विचारावा. झिंगरी पलीकडे जाते आणि बघते, तर तिथेही माणसं आहेत. सातधुऱ्यानं आजवर जे जे रोगी शिवेबाहेर काढले, ते सगळे तिथे राहतात.

हे सुचायला तुला लांब जावं लागणार नाही. तुझ्या तालुक्यातच आनंदवन आहे. महारोग (कुष्ठरोग) झाला म्हणून ज्यांना घरानं, गावानं शिवेबाहेर काढलं होतं, त्यांच्यासोबत बाबा आमट्यांनी १९४९ साली वरोऱ्याजवळच्या पडीक जमिनीवर ते उभं केलं. त्या माणसांनी विहिरी खोदल्या, शेती पिकवली, पुढे गाण्याचा वाद्यवृंदही काढला. एकदा तिथे जाऊन ये, वही घेऊन जा. शिवेपलीकडच्या लोकांना बिचारे म्हणून लिहिण्याचा मोह होईल, तो तिथे गेल्यावर राहणार नाही. मला तर वाटतं झिंगरीला औषधाचा धागा याच लोकांकडे मिळावा, कारण थकलेल्या माणसासोबत कसं राहायचं हे फक्त त्यांनाच माहीत आहे.

मग औषध काय? ते मी ठरवू नये, गोष्ट तुझी आहे. पण नियम पाळलास तर ते कुठे असेल ते दिसतं. ज्याला उलटून कोणी हसवत नाही त्याला हासमोडी होते, तर उलटून हसवणारं कोणी मिळणं हाच उतारा. आणि त्याचं रूप मला आपल्या झडतीत, म्हणजे पोळ्याला चढाओढीनं म्हणतात त्या कवनांत, दिसतं. पोळ्याला तोरणाखाली बैल उभे राहतात, एक बाजू झडती म्हणते, "एक नमन गौरा पारबती, हर बोला हर हर महादेव" असा गजर होतो आणि दुसरी बाजू त्याहून चढी झडती घेऊन पुढे येते. एकटा माणूस पूर्ण गावाला हसवत बसत नाही, पाळी फिरत राहते. सातधुऱ्यात रोग्याभोवती अशी पाळी बसू दे. ज्यानं जन्मात कधी गंमत केली नाही, त्यानंही एक तरी सांगायची. ढगांचा हिशेब ठेवणारा एखादा कोरडा कारकून, विधवा कोतवालीण, खुद्द राजा. राजाची गंमत अगदीच पडेल निघू दे. अंगणातली पोरं सगळ्यात जास्त तिथेच हसतील, आणि पडलेल्या माणसाची एक पापणी हलली तरी पुरे.

रोग पूर्ण घालवू नको. पाळी चुकली की तो पुन्हा येतो, एवढं ठेव. झिंगरीलाही एकदा होऊ दे. औषध शोधणारीच पडते तेव्हा गाव शिकलं की नाही ते कळतं. पत्रावरून ती मला कधी न दमणारी पोरगी वाटली, आणि अशी पोरगी या गोष्टीत शोभत नाही.

झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भात, नाटकांचा हंगाम असतो. दिवाळीपासून होळीपर्यंत वडसा-देसाईगंजच्या कंपन्या गावोगाव जातात, शंकरपट (बैलांची शर्यत) भरला की रात्री नाटक हे ठरलेलं. तुमच्याकडे किंवा ब्रह्मपुरी, सिंदेवाहीकडे नातेवाइकांच्या गावी नाटक असेल तर आईला घेऊन जा आणि विनोदी पात्र करणाऱ्याकडे नीट लक्ष दे. रात्री दहाला सुरू झालेलं नाटक उजाडेपर्यंत चालतं. लोक पेंगायला लागले की त्यालाच पुढे ढकलतात. नाटक संपल्यावर घरच्या मोठ्या माणसाला सोबत घेऊन स्टेजच्या मागे जा आणि त्याला विचार की पडदा पडल्यावर पहिल्यांदा काय करावंसं वाटतं. रंग पुसताना तो कसा बसतो, पाणी कसं पितो, पुढच्या गावच्या गाडीत चढताना कशाला धरून चढतो, ते बघ. हासमोडीचा चौथा दिवस लिहायला याहून चांगली शाळा नाही. तो बोलला तर त्याचं बोलणं त्याच्याच बोलीत टिपून घे. सातधुऱ्याच्या लोकांना पुस्तकी मराठी बोलायला लावू नको. पत्रात काकांचं एक वाक्य आलं, तेवढ्यात काका मला दिसले.

आता तुझ्याकडे येणारा तो पोरगा.

त्यानं विचारलं आणि तुला बोलता आलं नाही. आता बोल. त्याला खरं सांग: "नाही रे, हासमोडी मी माझ्या मनानं बनवली. तुझी बिमारी वेगळी आहे, खरी आहे, तिला नाव आहे आणि तिचे डॉक्टर आहेत." तो अकरा वर्षांचा आहे, त्याला समजेल असं सगळं सांगता येतं. रक्तातल्या लाल पेशी गोल आणि मऊ असतात, त्याच्या पेशी वाकून विळ्यासारख्या होतात आणि बारीक नळ्यांत अडकतात, म्हणून दुखतं. साधी लाल पेशी १२० दिवस जगते, त्याची दहा-वीस दिवसांतच संपते. शरीर नवीन बनवत राहतं पण पुरत नाही, म्हणून तो लवकर दमतो. हे ऐकून त्याला एक गोष्ट कळेल जी बहुतेक त्याला कोणी सांगितली नसेल: दमणं हा आळस नाही.

गोष्ट बंद करू नको. त्यानं तसं विचारलं ते त्याला ती गोष्ट आपली वाटली म्हणून. पण दोन ठिकाणी काळजी घे. सातधुऱ्यात कोणालाही पापामुळे, शापामुळे किंवा आईबापाच्या चुकीमुळे रोग होतो असं येऊ देऊ नको, गमतीतसुद्धा. सिकलच्या नावानं आपल्याकडे लग्नं मोडतात, सुनेला बोल लागतात. आईबाप दोघंही वाहक असले तर प्रत्येक मुलाच्या वेळी आजाराची शक्यता १००त २५ असते. वाहक माणसाला स्वतःला बहुधा काही त्रास नसतो, त्यामुळे तपासल्याशिवाय कळत नाही. यात कोणाचा गुन्हा नाही. लग्नाआधी दोघांची तपासणी करून घेणं एवढंच माणसाच्या हातात आहे, आणि २०२३पासून सिकलसेल निर्मूलनाचं राष्ट्रीय अभियान सुरू असल्यानं ही तपासणी गावपातळीवर होते. तुझं स्वतःचं वय बघता तुझीही करून घे.

दुसरी काळजी ही की त्याच्यावरून पात्र बेतायचं असेल तर आधी त्याला आणि त्याच्या आईला विचार. माझं म्हणणं आहे, पात्र करण्यापेक्षा त्याला कामाला लाव. थकलेल्या माणसाला लोकांचं कोणतं बोलणं लागतं, हे तुझ्या अंगणात त्याच्याइतकं कोणाला माहीत नाही. त्याला म्हण, "सातधुऱ्यातल्या रोग्याला भेटायला माणसं येतात, त्यांनी काय बोलू नये ते तू मला सांग." तो जे सांगेल ते प्रकरणात घाल आणि वाचताना हे त्यानं सांगितलं असं सगळ्यांसमोर म्हण. सोबतची पोरं खेळताना त्याला कसं वागवतात, त्यावरही याचा परिणाम होईल.

आणि अंगणातल्या बैठकीची वेळ बदल. थंडी, अंगात पाणी कमी पडणं, ताप आणि जास्तीची दगदग, या गोष्टींनी सिकलचं दुखणं उठतं. तू पोरांना रात्रीच्या जेवणानंतर उघड्यावर बसवतेस, आणि आपल्याकडची पौष-माघाची रात्र कशी असते ते तुला सांगायला नको. त्याच्यासाठी वेगळी सोय केलीस तर त्याला वेगळं काढल्यासारखं वाटेल, म्हणून सगळ्यांचीच वेळ बदल. दिवेलागणीच्या आधी वाच किंवा घरात पडवीत बसव. सगळ्यांना स्वेटर, कानाला रुमाल आणि पाण्याची बाटली आणायला सांग. गोष्ट अर्ध्यावर आली की सगळ्यांनी दोन घोट पाणी प्यायचं, असा सातधुऱ्याचा नियमच करून टाक. त्याला ताप आला, छातीत दुखलं, दम लागला किंवा डोळे एकदम पिवळे दिसले, तर सकाळची वाट न बघता दवाखान्यात न्यायचं, हे त्याच्या आईला माहीत असेलच. तरी एकदा तिच्याशी बोलून घे, आणि रात्री-बेरात्री गाडी लागली तर गावात कोणाची मिळेल ते दोघी मिळून आत्ताच ठरवून ठेवा. १०८ला फोन केला तर रुग्णवाहिका येते, तो नंबर दोघींच्या फोनमध्ये असू दे.

— मावशी